तिसरं अंगडं

बाई, तुम्हांला मराठी वाचता येत नव्हतं, त्यामुळे तुम्ही आज असतात तरी हे पत्र तुम्हांला कळलं नसतं. पण माझा पहिला निबंध परत देताना तुम्हीच म्हणाला होतात, "लहानपणी ज्या भाषेत ओरडा खाल्लास त्या भाषेत देवाचा विचार करून बघ. इंग्रजीत नंतर आण." तेव्हा मला भयंकर राग आला होता. आठवडाभर लायब्ररीत बसून मी तो निबंध लिहिला होता आणि पानापानावर थोरामोठ्यांचे आधार दिले होते. आज तुमचं ऐकते आहे, फक्त इंग्रजीत आणायच्या भानगडीत पडणार नाही. 'बाई' हा शब्दही तुमच्या कानावरून कधी गेला नसेल. विभागात सगळे तुम्हांला नावानं हाक मारायचे, विशीतली पोरंसुद्धा. माझी जीभ काही केल्या वळली नाही. मी "प्रोफेसर, प्रोफेसर" करत राहिले आणि तुम्ही दर वेळी कपाळाला हात लावत राहिलात. मनात मात्र तुम्ही पहिल्या दिवसापासून बाईच होतात, आमच्या शाळेतल्या बाईंसारख्या.

केंब्रिजमधलं ते पहिलं वर्ष मला आठवतं ते तुमच्या स्वयंपाकघरामुळेच. नवरा ब्रॅकनेलला आयटीत, यायचा तो शनिवार-रविवार. बाकीचे दिवस मी, एक खोली आणि दुपारी चारलाच होणारा अंधार. तुम्ही लॅटिनो थिऑलॉजी शिकवायचात. टेक्ससमधल्या, मेक्सिकोच्या सीमेवरच्या गावातून आलेल्या तुम्ही आम्हांला सांगायचात, की देव जितका ग्रंथांत आहे तितकाच चुलीपाशी, घरातल्या फळीवर, म्हाताऱ्या बायकांच्या पुटपुटण्यात आहे, आणि शिकलेली माणसं त्याला अंधश्रद्धा म्हणून पुढे जातात तेव्हा त्यांचंच नुकसान होतं. तुमचा त्याला एक शब्द होता, 'लो कोतिदियानो', म्हणजे रोजचं. चतुर्थी आणि सोळा सोमवार करणाऱ्या घरातून आलेल्या मला आधी हसूच आलं, की यातही डिग्री मिळते! तास बऱ्याचदा तुमच्या घरीच व्हायचा. फ्रिजच्या वरच्या फळीवर मेरीमातेची तसबीर, मेणबत्त्या, तुमच्या आईवडिलांचे फोटो (आमच्याकडे गेलेल्या माणसांचे फोटो देवात ठेवत नाहीत, म्हणून मी दचकले होते), तिखट सॉसची बाटली आणि मधोमध तो. वीतभर लांबीचा, प्लास्टरचा बाळ येशू. हात पसरलेले, गुडघे किंचित दुमडलेले, एका पायाचा अंगठा उडालेला. तुमच्या आजीचा. मी वही उघडून विचारलं, "हे कशाचं प्रतीक?" तुम्ही उठून भांडी पुसायचं धुतलेलं फडकं त्याच्या छातीपर्यंत ओढलंत आणि म्हणालात, "प्रतीक नाही. तो आहे. त्याला थंडी वाजते."

सहा जानेवारीला तुम्ही आम्हां विद्यार्थ्यांना केक खायला बोलावलंत. केक कसला, गोल कड्यासारखा गोड पाव, वर रंगीत फळांच्या पट्ट्या. आत कुठेतरी बोटभर बाहुलं लपवलेलं असतं आणि ज्याच्या तुकड्यात ते निघेल त्यानं फळीवरच्या बाळाचं पालकत्व घ्यायचं, ही तुमच्या घरची रीत. ते माझ्या दाताखाली आलं. मी पटकन म्हणाले, "मी हिंदू आहे, हे दुसऱ्या कुणाला द्या." तुम्ही शांतपणे दुसरा तुकडा कापत म्हणालात, "त्यानं विचारलं का तुला?" झालं, मी त्याची मद्रिना झाले, म्हणजे गॉडमदर. मद्रिनेनं सलग तीन वर्षं दोन फेब्रुवारीला त्याला नवे कपडे शिवायचे असतात. पहिल्या वर्षी पांढरे, दुसऱ्या वर्षी आपल्या आवडीचे, आणि तिसऱ्या वर्षी त्याला लहानशा खुर्चीवर बसवायचं. तिसऱ्या वर्षी तो मोठा होतो, मद्रिनेचं काम संपतं आणि तो घरच्या माणसांकडे परत जातो.

मला साधं बटण लावता येत नाही. नशिबानं तेव्हा आई पुण्याहून आली होती. मी तिला तुमच्याकडे घेऊन आले, मनात धाकधूक, की ही आता काय बोलेल. तिनं चष्मा लावला, बाळाला उचलून मांडीवर घेतलं आणि वितीनं मापं घेतली. "अगं, हा तर आपल्या बाळकृष्णाएवढाच आहे की. अंगडं-टोपडं दोन्ही होईल." कोऱ्या ब्लाउजपीसमधून तिनं तुमच्या टेबलावर बसून हातानंच शिवलं, तुम्ही तिला सुईत दोरा ओवून देत होतात. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती आणि मी मधे बोलायला गेले की दोघी मलाच गप्प करत होत्या. कपडे घालून झाल्यावर आईनं पर्समधून काजळाची डबी काढली आणि मी "आई, नको!" म्हणेपर्यंत त्याच्या गालावर तीट लावूनही टाकली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. दुसऱ्यांचा देव, त्याला काजळ! मी ओला टिश्यू घेऊन धावले, तर तुम्ही माझं मनगट धरलंत. "राहू दे. तिनं ते त्याच्यासाठी केलंय, तुझ्यासाठी नाही." मग तुम्ही बाळाची बाही वर सारून त्याचा हात आईला दाखवलात. मनगटाला लाल दोऱ्यात एक तपकिरी बी बांधलेली होती, दृष्ट लागू नये म्हणून. आई ती बघून म्हणाली, "मग बरोबर आहे," आणि डबी बंद करून पर्समध्ये टाकली. त्या संध्याकाळी मी खोलीवर जाऊन रडले. लाज वाटत होती आणि बरंही वाटत होतं, दोन्ही एकदम.

दुसऱ्या वर्षी मी स्वतः शिवलं, हिरवं, काठ लावून, आणि एक बाही लांब झाली. दोन फेब्रुवारीला चर्चमध्ये मेणबत्त्यांना आशीर्वाद देतात. सगळे मेणबत्त्या घेऊन रांगेत आणि मी टिकली लावून, तान्ह्या पोरासारखा त्याला छातीशी धरून. फादरनी विचारलं, "आणि ह्या कोण?" तुम्ही म्हणालात, "त्याची मद्रिना. बाहीकडे बघू नका." तुम्ही किती हसत होतात. तुमचा कोट खांद्यावरून उतरायला लागला होता, इतक्या तुम्ही वाळला होतात, आणि मला ते दिसलंच नाही. तुम्हांला माहीत होतं. डॉक्टरांनी नाताळच्या आधीच सांगितलेलं होतं आणि तुम्ही ते माझ्यापासून लपवून माझे कच्चे खर्डे तपासत बसला होतात. याचा मला अजून राग येतो, बाई. गेलेल्या माणसावर रागावू नये म्हणतात, पण येतो.

त्याच वर्षी, पुढच्या हिवाळ्याच्या तोंडाशी तुम्ही गेलात. शेवटच्या भेटीत तुम्ही हॉस्पिसच्या खाटेवर होतात आणि खिडकीशी तो, मीच आणून ठेवलेला. मी म्हणाले, तिसऱ्याचा रंग तुम्ही सांगा. तुम्ही डोळे मिटूनच म्हणालात, "रंग मद्रिना ठरवते." एवढंच. मला अजून काहीतरी ऐकायचं होतं. मी खुर्ची पुढे ओढून बसले, पण तुम्ही झोपलात आणि नर्स मला म्हणाली, की आता त्यांना झोपू द्या.

तुमची थोरली बहीण टेक्ससहून घर आवरायला आली. भांडी, पुस्तकं, कपडे सगळं वाटून टाकलं, आणि बाळाला टॉवेलात गुंडाळून माझ्या हातात दिलं. "तुझं एक वर्ष राहिलंय, कोमाद्रे. ते झालं की पाठव त्याला घरी." कोमाद्रे म्हणजे बाळाच्या नात्यानं जोडली गेलेली बहीण, असं तिनंच समजावून सांगितलं. मी मान हलवली. पुढच्या फेब्रुवारीत माझ्यानं कापडाला कात्री लाववली नाही. त्याच वर्षी मी पीएचडी सोडली. तुमच्या जागी आलेले गृहस्थ चांगले होते, पण त्यांच्या घरी स्वयंपाकघरात कुणी बोलावलं नाही. आता मी क्रॉयडनच्या एका शाळेत आरई शिकवते, म्हणजे सगळ्यांचे धर्म थोडे थोडे. ट्राममधून उतरते, घरी येते, फळीवर तो. हिरव्या अंगड्यात, एक बाही लांब. दर जानेवारीत तुमची बहीण फोन करते, "बसला का?" दर जानेवारीत मी काहीतरी सांगते: शाळेचं इन्स्पेक्शन आहे, आईचं ऑपरेशन झालं, मनासारखं कापड मिळालं नाही. ती हसायची. म्हणायची, "असू दे, तो काय, दोन हजार वर्षं बाळच आहे."

आम्हांला मूल नाही म्हणून माझा जीव याच्यात अडकलाय, असं आईला वाटतं. ती तसं बोलत नाही, पण फोनवर त्याची चौकशी जरा जपूनच करते. ते खरं नाही, किंवा थोडंसंच खरं आहे. खरं हे आहे, की तुमच्याकडचं एवढंच काम माझ्याकडे शिल्लक आहे. निबंध संपले, खर्डे संपले. तो खुर्चीवर बसला की मी तुमची कुणीच नाही. मागच्या आठवड्यात नवरा डिशवॉशर भरता भरता म्हणाला, "अगं, त्या टेक्ससच्या आजींना किती वर्षं होल्डवर ठेवणार आहेस? इट्स नॉट फेअर ऑन हर. तुझी टीचर होती, आय नो, पण त्यांची तर बहीण होती ना?" बरोबर बोलणाऱ्या माणसाशी भांडणार काय?

तुमची बहीण, म्हणजे नवऱ्याच्या त्या आजी, आता खूप थकल्या आहेत. आज दुपारी फोन आला तेव्हा पहिल्यांदा त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "कोमाद्रे, मला आता फक्त उजेड कळतो. पण हातानं चाचपून समजेल मला, तो बसलाय की आडवा आहे ते. माझ्या आजीनं त्याला बसवलेला मी लहानपणी बघितलाय. आता एकदा हाताला लागू दे." पुढे विचारलं, "अंगडं झालं?" झालं म्हणाले, आणि ते खरं आहे. ह्या वेळी मी शिवून टाकलं, पिवळ्या खणाचं, दोन्ही बाह्या सारख्या. "मग खुर्ची?" मी म्हणाले, ऑर्डर केलीय, अजून आली नाही, टपालाचं हल्ली काही खरं नाही. मग म्हणाल्या, "बरं. मी थांबते."

बाई, हे पत्र कुठे पाठवायचं नाहीच आहे, तेव्हा तुम्हांला सांगायला हरकत नाही. खुर्ची आली आहे. वरच्या कपाटात, उन्हाळी पांघरुणांच्या मागे ठेवली आहे, नवऱ्याला दिसू नये म्हणून.