कपाळावरचं ग्रीस

३ फेब्रुवारी
आजपासून मी पोलीस नाही, गॅरेजातला हेल्पर. इथे चोरीच्या गाड्या येतात आणि रंग-नंबर बदलून जातात. आठवड्याच्या आत मालकासकट सगळ्यांना गजाआड करणार. एकोणीस वर्षं चौकात ट्रॅफिक सांभाळला, तेव्हा कुणी विचारलं नाही. आता कळेल. साहेबांनी बजावलंय, काही लिहून ठेवू नका. पण एवढ्या मोठ्या कामाची नोंद हवीच. वही भाड्याच्या खोलीत, गादीखाली. दाढी वीस दिवसांची. बायकोनेही ओळखलं नसतं. (तिने ओळखलं, पण ती बायको आहे.)

५ फेब्रुवारी
मालकाला सगळे मामा म्हणतात. मोजकं बोलतो, बोलताना हातातला पाना खाली ठेवत नाही. पेंटर मात्र पहिल्या दिवसापासून माझ्या वाटेला जातोय. ग्रीसचा हात माझ्या कपाळाला फासतो आणि म्हणतो, हेल्परचं कपाळ एवढं स्वच्छ शोभत नाही, काका. सगळे फिदीफिदी हसतात. उद्या पुन्हा फासलं तर चांगलं खडसावणार.

६ फेब्रुवारी
पुन्हा फासलं. खडसावलं नाही. कामगिरी महत्त्वाची.

९ फेब्रुवारी, दुपार
दोन गाड्या आल्या. नंबर पाठ. एक गाडी मागे घेत होते, मी सवयीने हात दाखवला. भिंतीपासून बोटभर अंतरावर थांबली. मामा बराच वेळ माझ्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, हात चांगला चालतो तुझा. विश्वास बसत चाललाय!
पेंटर मध्येच बडबडला, काका आधी हॉटेलच्या पार्किंगवर होते, मी ओळखतो त्यांना. साफ खोटं. माझं कौतुक झालं की याच्या पोटात दुखतं.

११ फेब्रुवारी
साहेबांना फोन करायचा होता. मामा गेटपाशी उभा. केला नाही. याला भीती म्हणत नाहीत, सावधगिरी म्हणतात.

१२ फेब्रुवारी
जेवणाच्या सुट्टीत मामाने आतून शटर ओढलं. म्हणाला, आपल्यात एक खबऱ्या आहे. मग एकेकाच्या तोंडाकडे बघत फिरला. मी शांत होतो. फक्त घाम फुटला आणि कपाळावरचं ग्रीस ओघळायला लागलं. पेंटर उठला, पुसतो म्हणाला आणि कपाळ आणखीच माखून ठेवलं. चेष्टेची वेळ तरी बघावी माणसाने.
मामाने प्रत्येकाला विचारलं, तुला कुणाचा संशय? माझी पाळी आली. पाना माझ्या गुडघ्याला टेकलेला.
"पेंटर फार चौकशा करतो," मी म्हणालो.
पेंटरने माझ्याकडे पाहिलं. आम्हाला बाहेर काढलं. तो आत राहिला.

त्याच दिवशी, संध्याकाळ
मी खोटं बोललो नाही. चौकशा करतोच तो. मुलं किती, घर लांब आहे का, डबा खाल्ला का. शिवाय तोही चोरच. आतून ओरडण्याचा आवाज आला, एकदाच. मी बाहेर पाने-पक्कड पुसत बसलो होतो. मग रस्त्यावर येऊन साहेबांना फोन केला. ते म्हणाले, आमच्या माणसाची खूण सकाळीच मिळाली, आम्ही निघालोय. माणूस म्हणजे मीच. खूण कधी केली ते आठवत नाही.

१३ फेब्रुवारी
काल रात्री धाड पडली. मामासकट पाच जण आत. फत्ते! मला मात्र बाहेर रस्ता मोकळा ठेवायला सांगितलं. पेंटरला स्ट्रेचरवरून नेलं. साहेब शेजारून धावत होते. चोराचे एवढे लाड कशाला?

१५ फेब्रुवारी
साहेबांनी हॉस्पिटलात पाठवलं. पेंटर क्राइम ब्रँचचा. दोन वर्षं तिथे होता. मला नेमलं होतं ते फक्त नंबर पाठ करायला. त्याच्या उजव्या हाताची चार बोटं मोडलीत.
मी म्हणालो, माझा वेष तरी पक्का होता. तो हसला. डाव्या हाताने स्वतःच्या कपाळावर आडवी रेघ ओढून दाखवली.
"टोपीची रेघ, काका. खाली काळं, वर गोरं. एकोणीस वर्षांचं ऊन आहे ते. दाढी कपाळावर उगवत नाही."
माफी मागायचं ठरवलं होतं. तोंडातून निघालं, डबा खाल्लास का? शेजारी तसाच पडला होता. मी भरवला. त्याने खाल्ला.

१७ फेब्रुवारी
रिपोर्ट आला. माझ्याबद्दल एकच ओळ: रस्ता मोकळा ठेवला. मामाला पेंटरचा संशय कुणामुळे आला, ते लिहिलेलं नाही. म्हणजे पेंटरने सांगितलंच नाही. लाज वाटते.
आजपासून पुन्हा चौकात. दाढी काढली. ऊन फार होतं. दिवसभर टोपी काढली नाही.