जो पडतोय तो आमचा

…आणि घोड्यावरचा सरदार धूळ चाटत होता, अख्खं मंडळ टाळ्या पिटत होतं, आणि ज्यांच्या सन्मानासाठी सिनेमा लावला होता ते तिघे पाहुणे पहिल्या रांगेत झेंडूचे हार घालून दगडासारखे बसले होते. तेव्हा, मामा, माझी नोकरी गेली असंच मी धरून चालले.

(तीर्थस्वरूप कोंडाजीमामांना साष्टांग नमस्कार. हे वर लिहायचं असतं, पण हात आधीच धावला. तुमचा गुडघा कसा आहे? मामींना नमस्कार. इकडे सर्व कुशल, म्हणजे दुपारपर्यंत होतं.)

पाहुणे मंगोलियाचे. अंबरनाथला आमच्या कारखान्यात यंत्रं शिकायला आलेत, राहतात इथे आमच्या कात्रप वस्तीत. त्यांची देखरेख माझ्याकडे, कारण ऑफिसात टेम्पररी मी एकटीच. साहेबांनी बजावलंय: पाहुणे खूश राहिले तर तुला कायम करतो, रुसले तर सोमवारी येऊ नकोस. गणपती मंडळाने त्यांना मान द्यायचं ठरवलं. अध्यक्ष हिंदुरावकाका (जुने पैलवान, तुम्ही त्यांना एकदा पाडलंय, ते अजून विसरलेले नाहीत) उल्हासनगरहून व्हिडिओ कॅसेट घेऊन आले. कव्हरवर बारीक डोळे, घोडे, तलवारी. म्हणाले, "त्यांच्याच मुलखाचा पिक्चर. देशाभिमान ठासून भरलाय." भरला होताच. फक्त चीनचा. कुंगफूवाला एक साधू, भिंत ओलांडून आलेल्या मंगोल फौजेला एकटा लोळवतो, एवढीच गोष्ट. आपल्याकडे परदेशी पिक्चरला माइकवर मराठीत सांगणारा लागतो, तेही काकाच. तासभर ते ओरडत होते, "हाण! हाकल परक्यांना!"

बातार, तिघांतला सगळ्यात थोराड, दिल्लीत थोडी हिंदी शिकलेला, माझ्याकडे न बघता म्हणाला, "मालिनीजी, जो गिर रहा है, वो हमारा आदमी है."

मी माइककडे धावले. म्हटलं, काका, बाजू बदला.

"आता? पब्लिक मारंल मला, पोरी."

माझी नोकरी जाईल, म्हटलं. काकांनी पंच्याने तोंड पुसलं. "मंडळी, सावधान! इतका वेळ ज्याला आपण साधू समजत होतो, तो ढोंगी निघाला!" कात्रपने क्षणभर विचार केला आणि बाजू बदलली. (इतक्या सहज बाजू बदलताना मी फक्त निवडणुकीतली माणसं पाहिलीत.) पण कॅसेट बदलेना. साधूने सरदाराच्या छातीत भाला घातला आणि पिक्चर संपला. बातारने हार काढून खुर्चीवर ठेवला आणि तो उठला.

"बसा! अजून संपला नाही!" काका ओरडले आणि त्यांनी व्हीसीआरचं उलटं बटण दाबलं.

सरदार उठला. भाला साधूच्या हातात परत गेला. मेलेले घोडे उभे राहिले, त्यांवर मेलेले शिपाई चढले, आणि साऱ्या लाथा साधूच्या पायात परत गेल्या. शेवटी फौज भिंतीवरून उलट्या पावली आपल्या गवताळ मुलखात सुखरूप पोचली. कुणीही मेलं नव्हतं. कात्रपने शिट्ट्या मारल्या. दोघे पाहुणेही हसले.

बातार हसला नाही. त्याने काकांच्या खांद्यावर हात ठेवला. "मशीन में नहीं. मिट्टी में." म्हणजे कुस्ती.

माइक चालू होता, सगळी वस्ती ऐकत होती. काका म्हणाले, "रविवारी!"

तुमची भाची,
मालिनी

ता.क. माइक बंद केल्यावर काका खुर्चीत बसले ते उठेनात. त्यांचेही गुडघे गेलेत. तेव्हा मूळ विनंती ही की रविवारी तुम्ही या, लंगोट घेऊन या. काकांचा निरोप: "कोंडाजीला सांग, मागचं सगळं विसरलो."

पुन्हा ता.क. सकाळी पत्र टाकायला निघाले तर बातार पटांगणात हजर. त्याला रविवारपर्यंत धीर नव्हता. काका नाइलाजाने उतरले. पहिल्याच झटक्यात त्यांचा गुडघा मातीला लागला. बातारने हात पसरून गरुडासारखा जिंकल्याचा फेर धरला, कारण त्यांच्यात गुडघा टेकला की हार. काका तिथूनच पुढे सरकले, कारण आपल्यात पाठ लागल्याशिवाय कुस्ती सुटत नाही. त्यांनी नाचणाऱ्याचे पाय ओढून त्याला चीत केलं. तेवढ्यात जीपमधून साहेब उतरले आणि चिखलातल्या पाहुण्याकडे बघत राहिले. बातार म्हणाला, "हम जीते." काकाही तेच म्हणाले. मंडळाने दोघांना हार घातले. साहेबांनी मला सोमवारी वेळेवर यायला सांगितलं. तुम्ही नाही आलात तरी चालेल.