वरच्या मजल्याच्या ताब्याबाबत ब्रेकबाईंचा शेवटचा शब्द

मी, खाली सही करणारी, वय अठ्ठ्याहत्तर, धंदा मोटार चालवायला शिकवणे (आता निवृत्त, तरी रस्त्यात ओरडणे चालू), सगळीकडे 'ब्रेकबाई' म्हणून ओळखली जाणारी, हे मृत्युपत्र राजीखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय आणि डोके ठिकाणावर असताना लिहून ठेवत आहे. डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. तो लिहिताना डॉक्टर दोनदा हसले, पण दाखल्यात तसा उल्लेख नाही.

कलम १. यापूर्वीची माझी सगळी मृत्युपत्रे रद्द समजावीत. ती सगळी भाच्यानेच टाइप करून आणली होती आणि प्रत्येकात त्याचे नाव माझ्या नावापेक्षा ठळक होते.

कलम २. माझी शिकवणीची गाडी, जिला शिकवणाऱ्याच्या बाजूलाही एक ब्रेक आहे, ती कलम ७ मधले काम उरकल्यावर वहिनीला द्यावी. वहिनी आयुष्यभर दुसऱ्याच्या संसारात शेजारी बसून ब्रेक मारत आली आहे. आता तिला हक्काचा मिळेल.

कलम ३. माझे दोन मजली घर स्वकष्टार्जित आहे. लोकांनी क्लच जाळले त्या पैशातून उभे राहिले आहे. खाली मी आणि मागच्या खोलीत भाचा. वर भाडेकरू, म्हणजे बँडमधले ट्रम्पेटवाले. त्यांचे भाडे जुन्या भाडे नियंत्रण कायद्याने बांधलेले, इतके की त्यात गाडीचा एक आरसा येणार नाही. पण प्रश्न भाड्याचा नव्हता, छताचा होता. ते गळत होते.

"आधी छत, मग भाडं," ते जिन्यातून म्हणायचे.

"आधी भाडं, मग छत," मी खालून म्हणायची.

असे करता करता भाडे थकले, छताला भोक पडले आणि दोघांच्याही नाकाचा शेंडा खाली येईना. शेवटी मी नोटीस दिली आणि मग ताब्याचा दावा लावला. कायदा भाडेकरूला सांभाळून घेतो, हे मला पक्के माहीत होते. समन्सनंतर मुदतीत सगळी थकबाकी व्याजासकट कोर्टात भरली की दावा आडवा होतो. माझा बेत सरळ होता. ते भरतील, मी छत दुरुस्त करीन, आणि आधी कोण वाकले ते कोणालाच कळणार नाही.

मुदतीच्या शेवटच्या दिवशी ट्रम्पेटच्या पेटीत पैसे घालून ते खाली आले. "बाई, कोर्टात चाललाय ना? मलाही सोडा."

"सोडते कशाला? चालवा!" मी म्हणाले. तेव्हा ते माझ्याकडेच गाडी शिकत होते. शिकवणीची फी मात्र त्यांनी कधी थकवली नाही.

आता माझ्या शाळेचा एकच नियम आहे आणि तो सगळ्यांना लागू आहे : गाडी दोन रेषांमध्ये सरळ उभी राहीपर्यंत कोणीही उतरायचे नाही. ट्रम्पेटवाल्यांनी कोर्टाच्या आवारात रिव्हर्स घेतला. वाकडी. पुन्हा घेतला. जास्त वाकडी.

"बाई, पैसे भरायची खिडकी बंद होईल हो!"

"आरशात बघा! खिडकीकडे काय बघताय?"

गाडी अखेर इतकी सुरेख लागली की मी टाळ्या वाजवल्या. त्याच वेळी कारकून खिडकीला कुलूप लावत होता. मुदत गेली ती गेली. दावा मी जिंकले आणि जागा खाली करून देण्याचा हुकूमनामा झाला. चूक माझी नाही, त्यांनी स्टिअरिंग उशिरा फिरवले.

भाचा घरभर नाचला. "आत्या, जिंकलीस!" मी त्या दिवशी जेवले नाही. अपील चालू आहे तोवर ते वर आहेत, आणि आता भाडेही बिनचूक देतात. पण भाच्याने बिल्डरला आधीच बोलावून ठेवले आहे. तो परवा माझी खोली मोजून गेला, मी पलंगावर असताना, पलंगासकट. भाचा रोज माझे बीपी विचारतो आणि ते चांगले निघाले की त्याचे तोंड पडते. मी गेले की हुकूमनामा बजावून वरचा मजला रिकामा करायचा, हा त्याचा डाव.

मला ट्रम्पेटवाले वरच्या मजल्यावर हवे आहेत. साफ लिहिते. रोज सकाळी त्यांचा चुकलेला सूर ऐकून मी शिव्या देत उठते, आणि शिव्या द्यायला कोणी असणे हे या वयात फार मोठे सुख आहे.

कलम ४. म्हणून माझे संपूर्ण घर, वरखाली, मी ट्रम्पेटवाल्यांना देत आहे. मालकालाच मालकाच्या घरातून काढणार कोण? वकीलसाहेब म्हणाले, "बाई, हुकूमनाम्याचा कागदच उरला की हो!" तो कागद फ्रेम करून भाच्याला द्यावा. खिळा ठोकण्यापूर्वी त्याने घरमालकांची परवानगी घ्यावी.

कलम ५. भाच्याला बेघर करायचे नाही, रक्ताचा आहे. त्याने मागच्या खोलीत भाडेकरू म्हणून राहावे, वरच्या मजल्याचे होते तेच भाडे, तोच कायदा. थकवल्यास रीतसर नोटीस द्यावी. ट्रम्पेटवाल्यांनी त्याला गाडीतून कोर्टात सोडू नये.

कलम ६. बँकेतल्या शिलकीतून छत दुरुस्त करावे. आधी छत, मग भाडे. ट्रम्पेटवाले, तुमचेच बरोबर होते. जिवंतपणी हे माझ्या तोंडून निघणार नाही, म्हणून इथे लिहिले.

कलम ७. माझी शेवटची फेरी माझ्याच गाडीतून निघावी आणि गाडी ट्रम्पेटवाल्यांनी चालवावी. पोहोचल्यावर रिव्हर्स घ्यावा. गाडी दोन रेषांमध्ये सरळ उभी राहीपर्यंत मला उतरवू नये. कितीही वेळा घ्या, ट्रम्पेटवाले. या वेळी कुठलीच खिडकी बंद होणार नाही.

(सही) ब्रेकबाई

साक्षीदार : १. डॉक्टर, दाखला देणारे. २. चौकातले वाहतूक हवालदार, माझे विद्यार्थी, तिसऱ्या खेपेस पास.

स्थळ : स्वयंपाकघरातले टेबल, वर ट्रम्पेट चालू.
दिनांक : महिन्याची पहिली, भाड्याचा दिवस.