तांदळातलं नाव

५ जानेवारी
कसबा बावड्यात माझा संसार सुरू झाला! पृथ्वीराजचं हे दुसरं लग्न. पहिली बायको क्रांती आजारपणात गेली, त्याचा मी बाऊ करत नाही. घर मोठं, मागं ऊस, कारखान्याचा मळीचा वास फुकट. सासूबाईंना सगळे आक्का म्हणतात, मीही म्हणते. टीव्हीला जोडलेल्या हार्ड डिस्कवर घरातली लग्नं, बारशी, जत्रा नुसत्या कोंबल्यात. कॉम्प्युटरवाली सून आली म्हटल्यावर ते निस्तरायचं काम माझ्याच गळ्यात!

९ जानेवारी
क्रांतीच्या लग्नाचा व्हिडिओ उघडत नाही. पुरात डिस्क भिजली होती. आक्का म्हणाल्या, बघ की गं जमलं तर, लई गुणाची पोर हुती. मला जरा झोंबलं, खोटं कशाला लिहू? पण काम सोपं आहे. त्याच कॅमेऱ्याची एक धड फाइल नमुना म्हणून द्यायची. तिच्याकडं बघून सॉफ्टवेअर मोडकी फाइल जुळवतं. दोन्ही लग्नं एकाच स्टुडिओवाल्यानं काढलीत, म्हणून नमुन्याला आमचं लग्न दिलं. आधी त्याची कॉपी काढायची असते. कंटाळा केला.

१२ जानेवारी
जुळला! पडद्यावर क्रांती हसली. आक्का पदर तोंडाला लावून रडल्या आणि पहिल्यांदाच मला जवळ घेतलं. फार बरं वाटलं.
मग आमचं लग्न लावून बघितलं. माझा चेहरा चौकटीचौकटीत फुटलाय.

१५ जानेवारी
तिचा व्हिडिओ आपोआप स्वच्छ होतोय, आमचा बिघडतोय. लग्नात पृथ्वीराजनं ताटातल्या तांदळात अंगठीनं 'स्वप्नाली' लिहिलं होतं. सासरी नाव बदलायचं नाही, हा माझाच हट्ट. व्हिडिओत आता तिथं 'क्रांती' आहे. मला भीती वाटते.

१६ जानेवारी
त्याला दाखवलं. म्हणाला, हेच तर लिहिलं हुतं की.

१७ जानेवारी
शिरोळला आईला व्हिडिओ कॉल केला. माझ्याकडं बघत राहिली. म्हणाली, कोण म्हणायचं तुम्ही, पावणं?
माझी आई –

१८ जानेवारी
तिची फाइल पुसायला गेले. माझीच बोटं फुटायला लागली – चौकटी – हात मागं घेतला.

१९ जानेवारी
ताटात तांदूळ घेतलेत. अंगठीनं माझं नाव लिहितेय. स्व – पुढं बोट जातच नाही – पुन्हा – खालून आक्का हाक मारतायत, क्रांती, ये की गं जेवायला – मी ओ देणार नाही – तोंड गच्च मिटलंय – तरी उत्तर गेलं – आले की, आक्का –