एलेनीच्या वडिलांची सातवी फिल्म

१२ जाने., सोम. नेपरव्हिल.
शेजारची एलेनी आली होती. वय नव्वद, हातात काठी, तोंड अखंड चालू. तिचे वडील दुसऱ्या महायुद्धाआधी अथेन्समध्ये मेडिकलच्या पोरांसाठी ऑपरेशनच्या फिल्म काढायचे, पदरमोड करून. आज तिकडेही त्यांचं नाव कुणाला माहीत नाही. सात फिल्म उरल्यात. एक म्युझियम घ्यायला तयार आहे, पण प्रत्येकीत कसलं ऑपरेशन ते लिहून हवं. "डॉक्टर, तुम्ही सर्जन. बघून सांगा." रिटायर झालो तरी सुटका नाही. हो म्हणून बसलो. बायको, सुधा, म्हणते, "बरंय, टीव्हीसमोर घोरण्यापेक्षा."

१५, गुरु.
सहा झाल्या. हर्निया, गलगंड, मुतखडा वगैरे. सगळ्या मूक. माणूस भारी होता! कॅमेरा बरोबर हवा तिथे. नागपूरला मेडिकलला असताना आम्हाला मागच्या रांगेतून प्रोफेसरांचं टक्कल तेवढं दिसायचं.

१७, शनि.
सातवीतली पेशंट एलेनीची आई. आज सांगितलं तिनं. पित्ताशय. आई नवव्या दिवशी गेली, एलेनी तीन वर्षांची. वडिलांनी पुन्हा कॅमेऱ्याला हात लावला नाही. "माझ्या शूटिंगच्या दिव्यांच्या उष्णतेनं गेली," असं ते मरेपर्यंत म्हणायचे. तिनं ही फिल्म कधी बघितलेली नाही. "ते खरं होतं का, एवढंच सांगा." 

१८, रवि.
पाहिली. चार वेळा. रक्त टिपायचे गॉजचे तुकडे आत जाताना मोजले, बाहेर येताना मोजले. एक कमी. मधे कट असेल म्हणून पुन्हा पाहिलं. नाही, शॉट सलग आहे. तुकडा पोटातच राहिला, वर टाके. त्यानंच पू होऊन गेली असणार. अरे देवा. दिव्यांचा काही संबंध नाही.
पण नेमका टाक्यांआधी, तुकडे मोजायच्या वेळी, सर्जन थांबतो, काढलेलं पित्ताशय उचलून कॅमेऱ्याला दाखवतो. मास्कवरचे डोळे हसतात. कॅमेरा नसता तर...
मीही दाखवलंय, स्टुडंट्स उभे असले की. माझं नशीब चांगलं, बस.

२०, मंगळ.
लेकीला, नेहाला, फोन केला. "बाबा, जस्ट टेल हर." तिकडे लांब पार्सिपनीत बसून बोलायला काय जातं! सुधाचं उलट : "नव्वदीच्या बाईला कशाला? दिव्यांमुळे नव्हे एवढं म्हणा आणि गप्प बसा." दोघींचंही पटतं, हीच पंचाईत. म्युझियमचा सातवा कागद कोरा. फार उदास वाटतंय. बाहेर नुसता बर्फ.

२२, गुरु.
गेलो शेवटी. म्हटलं, "एलेनी, दिव्यांमुळे नाही. अगदी नक्की." रडली. माझा हात धरून ग्रीकमध्ये बोलत राहिली, वडिलांशीच असावी. मला वाटलं, सुटलो.
मग डोळे पुसून म्हणाली, "मग कशामुळे?"
म्हटलं, पुन्हा एकदा बघून सांगतो. साफ खोटं. पाठ झालीय ती फिल्म.
म्हणाली, "शनिवारी इथेच या. दोघं मिळून बघू. तुम्ही जवळ असलात तर मी आईला बघू शकेन."
हो म्हणालो.