रविवारची आंघोळ

११ जानेवारी, रविवार
काकांचा ओहायोहून फोन. बाबांचे थोरले भाऊ, म्हणून बाबा उभ्यानेच बोलतात. तिथल्या एका चर्चच्या कॉलेजात पूर्ण फी माफ, फक्त पास्टरचं शिफारसपत्र हवं. बाबांची इथली, आखातातली नोकरी जूनमध्ये संपतेय. फी माफ झाली नाही तर अमेरिका विसरायची.
मला जायचंय. हे आधी लिहून ठेवते. नंतर ‘मला ढकललं’ म्हणायची सोय नको.
काका: "अगं, इथे आधी चर्च बांधलं, मग शाळा, मग गाव. शेजारी पहिल्याच आठवड्यात विचारतो, तुमचं चर्च कुठलं? काहीतरी उत्तर लागतं. आम्ही तरी मंदिर कशाला बांधलं?"
आई म्हणाली, "पुढच्या रविवारपासून जा."

१८ जाने., रविवार
जबल अली. मला चर्चच्या फाटकाशी उतरवून दोघं शेजारच्या मंदिरात. परतताना प्रसादाचा डबा पुढे आईच्या मांडीवर. मी मागून हात केला.
"आधी आंघोळ."
"तूच पाठवलंस ना?"
"पाठवलं म्हणजे विटाळ लागत नाही का?"
बाबा हसले. एसी वाढवला.
घरी, सिलिकॉन ओएसिसला पोचल्यावर थेट बाथरूम. दाराबाहेरून आवाज, "केसांवरून घे." स्वयंपाकघरात पाऊल त्यानंतर.

१ फेब्रुवारी, रविवार
पास्टर मल्याळी. मला ‘मोळे’ म्हणतात, त्यांच्यात लेकीला म्हणतात तसं. तुझ्यासाठी काय मागू, विचारलं. मी म्हटलं, अ‍ॅडमिशन. हसले. "वो तो मिलेगा. और क्या?"
प्रार्थनेत डोळे मिटले. मिटणं हे खोटं बोलणंच का? मग उघडले. मग सगळ्यांचे मिटलेले बघून परत मिटले.
जेवताना हे आईला सांगितलं, चूकच झाली. चौथीपर्यंत तिनेच घरी शिकवलं मला. गणित चुकलं तर खोडू द्यायची नाही, रेघ मारायची, चूक दिसली पाहिजे. आज म्हणते, "मोठी हरिश्चंद्राची अवलाद. तुला शिकवायला मी नोकरी सोडली, तेव्हा कुठे होतं हे तुझं मन?"

१५ फेब्रु., रविवार
पत्र मागितलं. पास्टर म्हणाले, "ईस्टर तक रुको, मोळे. मुझे पता नहीं तुम मानती हो या नहीं. तुम्हें पता है?"
मी नाही म्हटलं. खरंच माहीत नाही. पण कॉलेजची मुदत ईस्टरच्या आधी संपते. घरी सांगितलं. बाबा म्हणाले, मी बघतो.

२२ फेब्रु., रविवार
बाबा माझ्याबरोबर आत आले. हात जोडून, अगदी गोड आवाजात: "पास्टरजी, हिंदू घर की लड़की हर हफ़्ते यहाँ आती है. हमने किसी से कुछ कहा नहीं. कहना पड़ा, तो धर्म बदलवाने पर यहाँ के क़ायदे आप जानते हैं. आपका भी व्हिसा है. बच्चे हैं."
पास्टरनी पत्र लिहिलं. देताना माझ्याकडे बघितलं नाही.
गाडीत बाबा: "खलास. यल्ला, चला, डोसा खाऊ."
मीही खाल्ला. भूक लागली होती.

१० मार्च, मंगळवार
मुलाखत, लॅपटॉपवर. दोन बायका, एक म्हातारे गृहस्थ. आई लॅपटॉपच्या पलीकडे, त्यांना दिसणार नाही अशी. विचारलं, तुझं चर्चला जाणं घरच्यांना चालतं का?
सांगितलं: घरी आले की डोक्यावरून आंघोळ करायला लावतात. तोवर प्रसाद नाही, स्वयंपाकघर नाही. कोणी पाठवलं ते त्यांनी विचारलं नाही. मी सांगितलं नाही. बोलता बोलता रडू आलं.
एका बाईंनी चष्मा काढला. म्हातारे म्हणाले, आमचे पूर्वज असाच छळ सोसून या देशात आले.
एक शब्द खोटा नव्हता. परत परत आठवून बघितलं. एकही नव्हता.
आई: "जगासमोर राक्षस केलंस आम्हाला."
मग भांडी आवरताना, "रडलीस ते मात्र बरं झालं."

२७ मार्च, शुक्रवार
मिळालं. फी पूर्ण माफ. पहिल्याच रविवारी तिथल्या चर्चमध्ये सगळ्यांसमोर माझी ‘गोष्ट’ सांगायची आहे.
बाबांनी ऑफिसात पेढे वाटले. आई आत्याला फोनवर, "मेरिटवर हो. आपलं कुठे वशिल्याचं?"
आत्ता पास्टरचा मेसेज. "मोळे, कॉलेज ने पूछा है, क्या घरवाले विश्वास के कारण तुम पर ज़ुल्म करते हैं. मुझे हाँ या ना लिखना है. तुम्हारे पापा की बात मैंने किसी को नहीं बताई. अब तुम बताओ, क्या लिखूँ?"
आईने विचारलं, कोणाचा गं? म्हटलं, कोणाचा नाही.
त्यांच्या फोनवर मेसेजखाली निळ्या खुणा उमटल्या असतील. मी वाचलंय, हे त्यांना दिसतंय.