मेरुखंडाची टाकी

२ मार्च, रविवार
आजपासून रोज लिहायचं. मोठी माणसं लिहितात.
बारामतीच्या एकांकिका स्पर्धेला नाव दिलं. लेखक, दिग्दर्शक, प्रमुख भूमिका: संदेश. लोणी देवकरच्या कंपनीत दिवसभर बेअरिंग तपासणाऱ्या माणसाच्या डोक्यात अख्खं जग आहे, हे इंदापुरात कुणाला माहीत नाही. जगाचं नाव मेरुखंड. तिथं जमिनीतून कालऊर्जा गळते. माणसाला लागली की तो उभ्या उभ्या म्हातारा होतो. ती कोंडायला राजगुरू एक यंत्र बनवतो. कालरोधक. शेवटी स्वतःच त्यात उतरतो.
राजगुरू अर्थातच मी.
स्वरूपाला वाचून दाखवत होतो. दुसऱ्याच पानावर म्हणाली, "अहो, माझ्या बदलीचं एकदा बसून बोलायचंय." म्हटलं, स्पर्धा होऊ दे. जग बुडायला आलंय आणि हिला पोस्टातली बदली सुचते. शिसारी आली.

९ मार्च, रविवार
यंत्रासाठी पणदऱ्याला अप्पांकडं गेलो. गोठ्यामागं काळी टाकी पडलेली. आत उतरून बघितलं. फिट.
अप्पा म्हणाले, "आरं, त्यात मी जीवामृत कालवतो. श्याण, गोमूत्र, गूळ. वास न्हाय जायाचा."
म्हटलं, फिनेल आहे की.
"पर हिचं करणार काय?"
सांगितलं, काळ कोंडायचाय. अप्पा बराच वेळ म्हशीकडं बघत राहिले. मग म्हणाले, "स्वरूपा बरी हाय न्हवं?"
वडील असून विषयाला धरून बोलत नाहीत.

१६ मार्च
फिनेल झालं, वॉशिंग पावडर झाली, चिंच लावून घासली. वास गेला. निदान मला तरी येत नाही. साक्षीचा उद्या दहावीचा शेवटचा पेपर. म्हणाली, "पप्पा, एक तर टाकी बाहीर काढा, न्हायतर मला." पोरांना लहानपणापासून कलेची गोडी लावली पाहिजे. उशीर झाला.
टाकीला चंदेरी रंग दिला. एलईडीच्या माळा. आत तळाला जाळीखाली कूलरचा पंखा, वर चंदेरी पट्ट्या, म्हणजे कालऊर्जा सळसळताना दिसेल. जगात असं यंत्र कुणी केलं नसेल.

२३ मार्च
तालीम. नुसता वैताग.
कंपनीच्या पॅकिंगमधला युवराज आपला सम्राट. उंची आहे, आवाज आहे, पाठांतर नाही. सिंहासनावरून गरजला, "राजगुरू, ही टाकी मेरुखंडाला वाचवंल का?" टाकी नाही, कालरोधक! पुन्हा गरजला. पुन्हा टाकीच. शिवाय प्रत्येक वाक्यानंतर नाकाला रुमाल. सम्राट कधी नाकाला रुमाल लावतो का?
वर मला विचारतो, "सर, सगळा काळ आत गेल्यावर बाहीर काय राहतंय?"
म्हटलं, ते दुसऱ्या भागात.
घरी आलो तर स्वरूपा जागीच होती. "आज बोलायचं का?" म्हणाली. नालायक माणसांबरोबर काम करून डोकं उठलेलं. नाही म्हणालो. कलावंताला कुणी समजून घेत नाही.

६ एप्रिल
स्वरूपा आणि साक्षी बारामतीला जाऊन आल्या. स्पर्धेचा हॉल बघून ठेवावा म्हणून असणार. बाई आतून पाठीशी आहे, फक्त दाखवत नाही. जाताजाता साक्षीचं कॉलेजही बघून आल्या म्हणे. येताना सोबत किल्ली. कसली विचारलं. "घराची," म्हणाली. आपल्या घराची डुप्लिकेट केली वाटतं. हुशार आहे.

२० एप्रिल
झगा शिवून आला. जांभळी मखमल, खांद्यांना स्पंज. आरशात बघितलं. अंगावर काटा आला. झगा घालून टाकीत... कालरोधकात उतरून बघायचं होतं, पण इस्त्री मोडली असती. त्या दिवशी अप्पांकडं बिनझग्याचा उतरलो होतोच की.
आजपासून रात्रीचा भात बंद. (बिर्याणी होती. उद्यापासून.)

२८ एप्रिल, सोमवार. रजा
काल प्रयोग झाला. शांत डोक्यानं लिहितो.
सुरुवात भारदस्त. मग माळा पेटल्या, पंखा फिरला, आणि आतला वास थेट पहिल्या रांगेवर. परीक्षक मागं सरकले. मागून कुणीतरी ओरडलं, "आरं, गोठ्याचं दार लावा!" रसिकता मेली आहे.
मी डगमगलो नाही. शेवटचं वाक्य टाकलं, "काळा, मी तुला कोंडतो!" आणि उतरलो. पडदा.
बाहेर यायला गेलो तर येता येईना. झगा काखेत गोळा झालेला, स्पंज काठाला अडकलेला. हात वर, मान बाहेर. पुढची टीम सेट लावायला ओरडत होती. युवराजनं आणि इतर दरबाऱ्यांनी मला टाकीसकट आडवं केलं आणि गडगडत विंगेत नेलं. तिथं उभं करून सम्राट म्हणाला, "सर, कटर बघतो," आणि गेला.
मग स्वरूपा आली. टाकीसमोर पाय दुमडून बसली.
"आता बोलू का?"
म्हटलं, ही काय वेळ आहे?
"तुमी दुसरीकडं कुठं सापडता? बदलीची ऑर्डर येऊन किती दिस झालं. बारामतीला घर घेतलंय भाड्यानं. साक्षीची अकरावी तितंच. जूनमध्ये आमी दोघी जाणार. तुमी येणार का न्हाई, एवढं सांगा."
म्हटलं, आधी बाहेर काढ, मग सांगतो.
"न्हाई. आतूनच सांगा. बाहीर आला की तुमी परत मेरुखंडात."
तिचा आवाज जड झाला होता. वासामुळं असेल. डोळे पुसत होती, तेही त्यामुळंच. राजगुरूची सगळी वाक्यं मला पाठ होती. त्यातलं एकही तिथं चालण्यासारखं नव्हतं.
"माझ्याशिवाय जाशील?" विचारलं.
"एकटीच तर हाय की इतकी वर्षं," म्हणाली.
हे ऐकून मला मळमळलं. टाकीत असल्यामुळंच, हे नोंदवून ठेवतो.
येतो म्हणालो.
तिनं पर्समधली कात्री काढली, कोपरापर्यंत हात आत घातला आणि मखमल उभी फाडली. बाहेर आलो. दोघांच्या अंगाला सारखाच वास. एसटीत आमच्या शेजारी कुणी बसलं नाही.
बक्षीस नाही. परीक्षक म्हणाले, "प्रेक्षकांना पात्राइतकंच सोसायला लावणारा प्रयोग." म्हणजे त्यांना कळला.

१५ जून, रविवार. बारामती
आलो. निर्णय संपूर्णपणे माझा.
कंपनीत एसटीनं जाऊन-येऊन करतो. जागा मिळाली तर शेजारचा माझ्या खांद्यावर झोपतो, तोंड उघडं टाकून. दुसरा भाग प्रवासात लिहिणार होतो. अजून एक ओळ नाही. वातावरणच तसं नाही.
संध्याकाळी वही घेऊन बसलो होतो. स्वरूपानं विचारलं, काय करताय? म्हटलं, मेरुखंडाच्या भवितव्याचा विचार.
"करा की. करता करता गवार निवडा," म्हणाली, आणि परात पुढ्यात ठेवून शेजारी बसली.
निवडली. निबर होती.